अंब्रिझच्या किनाऱ्यावरील वाळू

अंगोलाची राजधानी लुआंडा हिच्या उत्तरेस, अटलांटिक महासागराच्या काठी, अंब्रिझ नावाचे लहानसे बंदर आहे. एकोणिसाव्या शतकात भुईमूग, कॉफी, डिंक आणि गोरखचिंचेच्या सालीचा वाख येथून युरोपात जात असे. सप्टेंबर १८७२ मध्ये ‘थॉमस मिचेल’ हे इंग्रजी जहाज ब्राझीलहून येथे आले. पुरेसा माल नसलेले जहाज समुद्रात कलंडू नये म्हणून तळाशी वाळू भरीत. ती वाळू अंब्रिझच्या किनाऱ्यावर टाकण्यात आली. व्यापाऱ्याच्या लेखी तिला मोल नव्हते.

त्या वाळूत एक पिसू होती. आकार जेमतेम एक मिलिमीटर; मूळ स्थान दक्षिण अमेरिका व कॅरिबियन बेटे. मादी माणसाच्या पायात शिरते, शेपटाकडील टोक तेवढे श्वासासाठी उघडे ठेवते आणि वाटाण्याएवढी फुगते. तिची अंडी बाहेर मातीत पडतात. महिना-दीड महिन्यात ती तेथेच मरते. मागे जखम चिघळत राहते. कधी बोटे झडतात, कधी धनुर्वात होतो.

तिला फारशी उंच उडी मारता येत नाही. तरीही तीस वर्षांच्या आत तिने आफ्रिका खंड ओलांडले, ते हमालांच्या, शिपायांच्या व व्यापारी तांड्यांच्या अनवाणी पायांतून. शतक संपण्यापूर्वी ती झांझिबार व मादागास्करला पोहोचली. १८९९ मध्ये पूर्व आफ्रिकेतून परतणाऱ्या मजुरांबरोबर ती मुंबई आणि कराचीलाही उतरली. सुदैवाने येथे तिने मूळ धरले नाही. त्याच सुमारास जामनगरकडील ओसवाल कुटुंबे मोंबासा येथे दुकाने मांडू लागली होती. ‘फुंझा’ हा स्वाहिली शब्द त्यांच्या वंशजांना नवा नसावा.

अहिंसेचे व्रत मानणाऱ्यास येथे अवघड प्रश्न पडतो. पिसू हा त्रींद्रिय जीव. रुतलेली मादी सुईने काढली तरी मरते, आणि तीच सुई दुसऱ्याला वापरल्यास रोग पसरतो. केनियात डायमेथिकोन हे तेल वापरून पाहण्यात आले. ते तिचा श्वासमार्ग बुजवते. वेदनेने चालू न शकणाऱ्या बालकाच्या बाबतीत हा उपाय नाकारणे कठीण आहे. परंतु आपल्या परंपरेतील ‘यतना’ या शब्दाला अधिक जवळचा मार्ग आधीचा आहे: पायात वहाणा, घरात पक्की जमीन. जीव पायात शिरलाच नाही, तर त्याला मारण्याचा प्रसंगच येत नाही.

केनिया आणि युगांडाच्या खेड्यांत आजही मातीच्या जमिनीवर निजणारी मुले टाचांवर भार देऊन चालताना दिसतात. सिमेंटचा कोबा केलेल्या घरांत हा उपद्रव पुष्कळ कमी असतो. पण त्या घरांना कोब्याचा खर्च परवडत नाही.