ललिता पवार : चेहरा आणि भूमिका

पोलाद कारखान्याच्या निमित्ताने भिलाईला स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांत, मग ते घर हुडकोतले असो वा एखाद्या सेक्टरमधले, छळवादी सासूला नाव ठेवायचे झाल्यास फार शोधावे लागत नाही. मुंबई-पुण्याप्रमाणे तेथेही ‘ललिता पवार’ एवढे म्हटले की पुरते. एखाद्या नटीचे विशेषनाम असे सामान्यनाम होऊन बसावे ही तिच्या कलेला मिळालेली दाद खरीच; पण तीत एक अन्यायही दडलेला आहे.

येवल्यास १९१६ साली जन्मलेल्या अंबा सगुण हिने मूकपटांच्या काळात, बालवयातच, कॅमेऱ्यासमोर पाऊल ठेवले. १९३०नंतरच्या दशकात ती नायिका होती, ‘दुनिया क्या है’सारख्या चित्रपटाची निर्मातीही होती. १९४२मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात सहकलावंत मास्टर भगवान यांच्या हाताची थप्पड वाजवीपेक्षा जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली. दीर्घ उपचारांनंतर चेहरा सावरला, डावा डोळा मात्र कायमचा बारीक राहिला आणि नायिकेची वाट बंद झाली.

ह्या हकिकतीवरून पुढे एक सोयीस्कर समजूत रूढ झाली : अपघाताने डोळा अधू केला आणि अधू डोळ्याने खलनायिका दिली. जणू त्यापुढे बाईंना काही करावेच लागले नाही! व्यंग एखाद्या चित्रपटाला पुरेल. चार दशकांना पुरत नाही. ‘रामशास्त्री’त (१९४४) त्यांनी ‘ध’चा ‘मा’ करणाऱ्या आनंदीबाईंची भूमिका केली, तेव्हाच दुय्यम भूमिकेतली त्यांची पकड दिसून आली होती. ‘दहेज’मधल्या (१९५०) सासूने त्यांच्यावर कायमचा शिक्का मारला. हिंदी चित्रपटसृष्टीला असे तयार शिक्के आवडतात. त्यांत पटकथाकाराचे श्रम वाचतात.

ह्या शिक्क्याशी ललिताबाईंनी जे केले ते पाहण्यासारखे आहे. ‘श्री ४२०’मधली (१९५५) केळीवाली गंगामाई भावासाठी हुज्जत घालते आणि त्या हुज्जतीतच मायेला वाट करून देते. त्याच वर्षीच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मधली सीतादेवी पुरुषद्वेष्टी आत्या म्हणून हास्यास्पद रंगवलेली आहे. घटस्फोटाची तरतूद करणारा हिंदू विवाह कायदा ह्याच वर्षी झाला. चित्रपटाचा कल उघडपणे त्याच्या विरोधात जातो. तरीही बाई त्या पात्राला विदूषक होऊ देत नाहीत, त्याचा ताठा शेवटपर्यंत राखतात. ‘प्रोफेसर’मध्ये (१९६२) तर कडक शिस्तीची प्रौढ कुमारिका एका वृद्ध शिक्षकावर भाळते. त्या दाढीआड शम्मी कपूर आहे हे प्रेक्षकाला ठाऊक असते, तिला नसते. येथे तिची टवाळी करणे अगदी सोपे होते. प्रेक्षक हसतो, पण तिच्या उशिरा जागलेल्या लाजेकडे पाहताना ते हसू मध्येच अडखळते.

‘अनाडी’तली (१९५९) मिसेस डिसा मात्र सर्वांत मोठी. हृषीकेश मुखर्जींनी ही ख्रिस्ती घरमालकीण त्यांच्याकडे सोपवली. भाडेकरू राजवर ती सतत ओरडते आणि ओरडता ओरडता त्याला आपलासा करते. येथेही तोच चेहरा, तोच बारीक डोळा, तोच खरखरीत आवाज. पण ज्या खुणांतून प्रेक्षकाने इतकी वर्षे दुष्टपणा वाचला, त्यांतूनच आता वात्सल्य वाचावे लागते. भेसळीच्या औषधाने तिचा मृत्यू होतो तेव्हा राज कपूरच्या नायकाबरोबर प्रेक्षकालाही पोरके वाटते. ह्या भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. पुढे ‘आनंद’मध्ये (१९७१) मुखर्जींनी त्यांना रुग्णालयाची मेट्रन केले, आणि तिचेही आडनाव डिसाच ठेवले.

तरी घराघरांत उरली ती सासूच. १९८७मध्ये दूरदर्शनवर रामानंद सागर यांचे ‘रामायण’ सुरू झाले आणि ललिताबाई मंथरा होऊन आल्या. शिक्का नव्या पिढीसाठी पुन्हा उमटला. त्या मंथरेत कपट होतेच. पण कैकेयीच्या माहेराहून तिच्याबरोबर आलेल्या, तिच्याखेरीज जगात कोणी नसलेल्या दासीची भाबडी आसक्तीही बाईंनी तीत ठेवली होती. राजमाता होण्याचे स्वप्न कैकेयीआधी ह्या म्हातारीला पडलेले असते.