पुढे काय झालं?

परवा नातवाबरोबर 'अनब्रोकन' हा २०१४ सालचा सिनेमा पाहिला. लुई झँपेरिनीची खरी गोष्ट. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये पाच हजार मीटर धावलेला हा अमेरिकन पोरगा. मे १९४३ मध्ये त्याचं बाँबफेकी विमान पॅसिफिक महासागरात कोसळलं. ४७ दिवस रबरी तराफ्यावर, भोवती शार्क. किनारा लागला तोही जपान्यांच्या ताब्यातला! मग युद्ध संपेपर्यंत कैद आणि वातानाबे नावाच्या पहारेकऱ्याचा मार. शेवटी लुई घरी येतो, आईला मिठी मारतो. संपलं.

"आजी, याचा दुसरा भाग आहे?" नातवाने विचारलं.

मी म्हटलं, "अरे, खरी गोष्ट आहे ती. सुटला, घरी आला. आता पुढे काय दाखवणार?"

पण दुसरा भाग निघालाय, २०१८ साली. तोही पाहिला. खरं सांगायचं तर सिनेमा म्हणून पहिल्याची सर नाही. ना समुद्र, ना शार्क. घर, दारू आणि झोपेतून दचकून उठणारा नवरा. एका रात्री लुई स्वप्नात वातानाबेचा गळा आवळत होता. जाग आली तेव्हा हातात बायकोचा गळा होता... आणि ती गरोदर होती. १९४९ मध्ये तिच्याच आग्रहाने तो बिली ग्रॅहम यांच्या प्रवचनाला गेला, दारू सोडली. १९५० मध्ये टोकियोच्या सुगामो तुरुंगात जाऊन आपल्या जुन्या पहारेकऱ्यांना भेटला. वातानाबे मात्र तेव्हा फरारी होता. पुढे १९९८ मध्ये त्याने भेट नाकारलीच.

ऑफ तासाला मी मुलांना अशा किती गोष्टी सांगितल्या असतील! सगळ्या घराच्या दारापाशी संपवल्या.

आमच्या आळीत ७१ च्या लढाईतून आलेले एक हवालदार होते. एका पंधरा ऑगस्टला त्यांना शाळेत बोलवायला गेले होते. ते आनंदाने हो म्हणाले. निघताना त्यांची बायको अंगणापर्यंत आली आणि हळूच म्हणाली, "बाई, झेंड्याला न्या हो त्यांना. पण लढाईचं नका विचारू. रात्री मला आणि पोरांना शेजारी झोपायला जावं लागतं."

मी तेव्हा बरं म्हटलं आणि सायकलला टांग मारली. तिचं नावसुद्धा विचारलं नाही.