माझ्या तिकिटाचे उरलेले पैसे

माझ्या आईचा भाजीचा धंदा केएमटीवर उभा होता आणि त्या धंद्यावर माझं शिक्षण. म्हणून ऋण मोजायला बसले की पहिल्यांदा कोल्हापूरची ही बस आठवते.

आम्ही पाचगावचे. रानातली मेथी, पोकळा, शेपू, कोथिंबीर घेऊन आई कपिलतीर्थ मार्केटला जायची. पालेभाजीला ऊन सोसत नाही. सकाळच्या गिऱ्हाइकाला ती ताजी मिळाली तर भाव, नाहीतर दुपारी पडेल त्या दरात पेंढ्या द्यायच्या. रिक्षा केली तर त्या दिवसाची कमाई भाड्यातच जायची. त्यामुळे सकाळची पहिली गाडी वेळेवर येणं हा आमच्या चुलीचा प्रश्न होता. गाडी आली की आई खालून म्हणायची, "मास्तर, बुट्टीला हात लावा की जरा." आणि कंडक्टर खांद्यावरची पैशांची पिशवी मागं सारून वाकायचे, "या मावशी, सावकाश चढा." मिरजकर तिकटीला उतरतानाही तेच. ओझं उचलून देणं त्यांच्या कामात कुठं लिहिलेलं नव्हतं.

पुढं मी शिवाजी विद्यापीठात शिकायला लागले. हे विद्यापीठ 1962 साली स्थापन झालं आणि केएमटीही त्याच वर्षी सुरू झाली. तेव्हा कोल्हापुरात महानगरपालिकाही नव्हती, ती 1972 साली झाली. एका नगरपालिकेनं स्वतःची बस काढायचं धाडस केलं होतं. शेजारच्या सांगली-मिरजेत शहराची वाहतूकही एसटीच सांभाळते, हे पाहिलं की त्या धाडसाची किंमत कळते. विद्यापीठ शहराबाहेर माळावर. आजूबाजूच्या गावांतल्या माझ्यासारख्या मुलींना तिथपर्यंत नेणारी गाडी नसती, तर ज्ञानाचं ते दार आमच्यासाठी उघडं असून नसल्यासारखंच राहिलं असतं. सवलतीचा पास खिशात आला आणि घरातल्यांचा "रोज जायचं कसं?" हा प्रश्न संपला. मुलीचं शिक्षण थांबायला तेवढा एक प्रश्न पुरतो, हे आमच्या गल्लीत मी पाहिलं होतं.

घरी अभ्यासाला जागा नव्हती. बॅरिस्टर बाळासाहेब खर्डेकर ग्रंथालयात संध्याकाळपर्यंत बसायचं, शिवाजी चौकात येऊन गाडी बदलायची आणि पाचगावात उतरायला अंधार व्हायचा. गाडीत एक घंटा म्हणजे थांब, दोन म्हणजे चल. मी उतरल्यावर मात्र मास्तर दोरीला हात लावून दारात उभे राहायचे. गल्लीच्या तोंडाशी पोचून मी वळून हात केला की मगच दोन घंटा पडायच्या. ड्रायव्हरमामांनी त्याबद्दल कधी कुरकूर केली नाही. दिवसभराच्या ड्युटीनंतर त्यांनाही घरी जायचं होतं. त्या दोघांनी दिलेली ती मिनिटं माझ्या पदवीत आहेत.

न दिसलेली माणसंही यात आहेत. आम्ही झोपलेले असताना शास्त्रीनगरच्या वर्कशॉपमध्ये ब्रेक तपासणारा, इंजिनाखाली आडवा झालेला मेकॅनिक मी कधी पाहिला नाही. पण पहाटेची गाडी सुरू व्हायची ती त्याच्या हातानं.

नोकरीला लागल्यावर, वर्तमानपत्रात केएमटीचा तोटा आणि महापालिकेकडून मिळणारं अनुदान याबद्दल वाचू लागले, तेव्हा या ऋणाचा आणखी एक पदर उलगडला. तिकिटातून गाडीचा खर्च निघत नाही. डिझेल, टायर, पगार यांत जी तूट येते, ती शहराच्या तिजोरीतून भरली जाते. म्हणजे आईनं बुट्टीसह केलेल्या प्रवासाचे आणि माझ्या पासाचे पुरते पैसे आम्ही कधी दिलेच नव्हते. उरलेले पैसे राजारामपुरीतल्या, शाहूपुरीतल्या, मंगळवार पेठेतल्या माणसांनी घरफाळ्यातून दिले. त्यांतल्या कितीतरी जणांनी आयुष्यात केएमटीची पायरी चढली नसेल. ज्यांची नावं मला कधीच कळणार नाहीत, त्यांनी मला शिकवलं.

पंचगंगेच्या पुराचं पाणी शिरोली, शिये, वडणग्याच्या रस्त्यांवर आलं आणि गाड्या बंद झाल्या, की धुणीभांडी करणाऱ्या बायका, शिरोलीचे कामगार, सीपीआर रुग्णालयात रोग्याचा डबा नेणारं माणूस, सगळे जागच्या जागी अडकतात. बस किती जणांना उभं करते ते अशा दिवशी दिसतं. तोट्याचा हिशेब कागदावर मांडता येतो. बुडालेली रोजंदारी आणि चुकलेलं औषध त्या कागदावर येत नाही.

म्हणून रिकाम्या धावणाऱ्या पहाटेच्या गाडीला कुणी उधळपट्टी म्हटलं की मला बोलल्याशिवाय राहवत नाही. ती गाडी रोज धावते या भरवशावरच कुणीतरी रानात भाजी पेरतं, कुणीतरी मुलीचं नाव कॉलेजात घालतं. 2023 साली जाहीर झालेल्या पीएम ई-बस सेवा योजनेत कोल्हापूरलाही विजेच्या गाड्या मंजूर झाल्या. त्या जरूर धावाव्यात, पण पाचगाव, कळंबा, उचगावच्या पहाटेच्या आणि शेवटच्या फेऱ्या मात्र टिकल्या पाहिजेत.

आता आमचं शहरात घर आहे. घरफाळा मी मुदतीआधी भरते. माझ्या तिकिटाचे उरलेले पैसे कुणीतरी भरले होते. आज बुट्टी घेऊन चढणाऱ्या बाईचे आणि तिच्या लेकीचे भरायची पाळी माझी आहे.