कपाटातली लढाई

दिवाळीच्या साफसफाईत आमच्या घरी दरवर्षी एका गोष्टीवरून ठिणगी पडते, ती म्हणजे माझे पुस्तकांचे कपाट. यंदाही हातात फडके घेऊन कपाटासमोर उभ्या राहिलेल्या सौभाग्यवतींनी विचारलेच, "अहो, एकाच लढाईवर इतकी पुस्तकं? जिंकलं कोण, ते पहिल्या पुस्तकात कळलं नाही का?"

प्रश्न रास्त होता. अमेरिकेतल्या यादवी युद्धाने मला तरुणपणापासून वेड लावले आहे. १८६१ ते १८६५ अशी चार वर्षे उत्तरेकडची नि दक्षिणेकडची राज्ये एकमेकांशी लढली आणि सहा लाखांहून अधिक सैनिक प्राणास मुकले. त्यातला माझा आवडता वीर म्हणजे दक्षिणेचा सेनापती रॉबर्ट ली. डग्लस फ्रीमनने लिहिलेले त्याचे चार खंडांचे चरित्र मी दोनदा वाचले आहे. १९३५ साली त्याला पुलित्झर पारितोषिक मिळाले होते. हरणाऱ्या वीराकडे आपले मन ओढ घेते. अर्जुनापेक्षा कर्ण आपल्याला जवळचा वाटतो, त्यातलाच हा प्रकार!

नात आकाशकंदिलाला झिरमिळ्या चिकटवत बसली होती. श्रोता आयताच मिळाला, म्हणून मी तिला गेटिसबर्गची लढाई सांगू लागलो. ३ जुलै १८६३ ची दुपार, समोर मैलभर उघडे शेत, त्यातून तोफांच्या माऱ्याला तोंड देत चालत गेलेले लीचे सुमारे १२,००० सैनिक, आणि परतलेले जेमतेम निम्मे. माझा आवाज भरून आला. तिने शांतपणे विचारले, "पण आजोबा, ज्यांच्यावरून एवढी लढाई झाली, ते गुलाम तेव्हा कुठे होते?"

मी गप्प झालो. उत्तर मला ठाऊक नव्हते असे नाही. त्याच मोहिमेत लीच्या फौजेने पेनसिल्व्हेनियातल्या काळ्या माणसांना, बायकामुलांसकट, पकडून दक्षिणेत गुलामीत धाडले होते. त्यांत जन्माने स्वतंत्र असलेलेही होते. हे मी वाचले होते. वाचून पान उलटले होते. सैनिक आठवणीत राहिले, ही माणसे राहिली नाहीत.

त्या रात्री फराळाचे डबे बाजूला सारून मी पुस्तके पुन्हा काढून बसलो.

अलेक्झांडर स्टीफन्स हा दक्षिणेचा उपाध्यक्ष. मार्च १८६१ मध्ये सव्हाना शहरात त्याने भरसभेत सांगितले की, काळा माणूस गोऱ्याच्या बरोबरीचा नाही आणि गुलामगिरी हीच त्याची स्वाभाविक अवस्था, या पायावर आमचे नवे राज्य उभे आहे. युद्ध हरल्यावर, १८६८ ते १८७० या काळात, त्याच गृहस्थाने दोन जाडजूड खंड लिहिले. त्यांत भांडण राज्यघटनेचे नि घटकराज्यांच्या हक्कांचे होऊन बसले! १८८१ साली अध्यक्ष जेफर्सन डेव्हिसनेही आपल्या ग्रंथात गुलामगिरी हे निमित्त, कारण नव्हे, असाच सूर लावला. घरातल्या वाटणीनंतर मूळ कारण जसे हळूहळू मागे पडते आणि "आमचं सगळं तत्त्वासाठी होतं" एवढेच उरते, तसेच हे.

जिंकलेल्या बाजूचा सेनापती ग्रँट. घशाच्या कर्करोगाने जर्जर आणि कर्जबाजारी झालेला. बायकोच्या पाठीमागे काही उरावे म्हणून त्याने आठवणी लिहिल्या आणि लिखाण संपवून काही दिवसांतच, २३ जुलै १८८५ रोजी, तो गेला. त्याने मात्र युद्धाचे कारण गुलामगिरी, असे स्वच्छ लिहून ठेवले. फ्रीमनला पारितोषिक मिळाले त्याच १९३५ साली डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस या काळ्या विद्वानाचा मोठा ग्रंथ निघाला. गुलाम नुसते मुक्त केले गेले नाहीत, मळे सोडून आणि बंदूक उचलून ते स्वतः आपल्या मुक्तीसाठी झगडले, असे त्यात होते. तो माझ्याकडे होता. त्याची पाने मात्र कोरी करकरीत!

आणि मग आठवण झाली ती शेजारच्या खणातल्या एका लहानशा मराठी पुस्तकाची. युद्ध संपून आठच वर्षे झाली होती. तिकडे स्टीफन्ससारखे लोक मूळ कारण झाकत होते, तेव्हा इकडे पुण्याच्या जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' लिहिली आणि गुलामांना मुक्त करण्यासाठी झटलेल्या अमेरिकेतल्या सज्जनांना ती अर्पण केली. लढाई कशावरून झाली, हे त्यांना इतक्या दुरून अचूक दिसले. पण ते नुसती वाहवा करून थांबले नाहीत. तुमच्याकडच्या गुलामगिरीचे काय, असा प्रश्न त्यांनी माझ्याच आजापणजांना विचारला. अमेरिकेतल्या गुलामांसाठी डोळे ओले करणे मला सोपे होते. हे पुस्तक तितके सोयीचे नव्हते, म्हणून तर ते वेगळ्या खणात गेले नसेल?

सकाळी मी ते काढून लीच्या खंडांशेजारी ठेवले. सौभाग्यवतींची नजर तीक्ष्ण.

"अहो, हे मराठी पुस्तक इथे कुठे आलं?"

"तिथलंच आहे ते," मी म्हणालो, "इतकी वर्षं चुकीच्या खणात होतं."