पाचवी समिती

साधूंच्या पाच समित्या आपल्याकडून लहानपणीच पाठ करून घेतलेल्या असतात. ईर्या, भाषा, एषणा, आदाननिक्षेपण आणि उत्सर्ग. चालताना खाली बघून चालायचं, बोलताना तोलून बोलायचं, आहार शोधून घ्यायचा, वस्तू उचलता-ठेवताना जीव बघायचा. पहिल्या चारींवर प्रवचनं भरपूर होतात. पाचवी आली की पाठशाळेत आम्ही मुली एकमेकींना कोपराने ढोसायचो आणि बाई घाईघाईने पुढच्या पानावर जायच्या. कारण ती मलमूत्र कुठे टाकायचं याची समिती. जिथे जीव नाहीत, कुणाची वाट नाही, कुणाला त्रास नाही, अशी जागा आधी नीट पाहायची आणि मगच शरीराचा मळ तिथे सोडायचा, एवढाच तिचा अर्थ.

आता इतकी वर्षं बडोद्यात काढल्यावर मला वाटतं, या शहराला सगळ्यात जास्त गरज होती ती नेमकी या पाचव्या समितीची.

आपण बायका पाण्याच्या बाबतीत किती काटेकोर असतो! दुहेरी जाड कापडाचं गाळणं, तेही रोज धुऊन वाळवलेलं. गाळलेलं पाणी दोन घडी चालतं, मग पुन्हा गाळायचं. व्रताच्या दिवशी उकळलेलं. माझी आजी तर गाळण्यात अडकलेले जीव हळूच पाण्याने उतरवून घ्यायची आणि ती जिवाणी ज्या विहिरीचं पाणी असेल त्याच विहिरीत परत सोडायची. दुसऱ्या विहिरीत सोडली तर तिला ते चालत नसे. "त्यांचं घर ते आहे," म्हणायची. पाणी घेणाराने त्या पाण्याच्या मूळ जागेशी हिशेब चुकता ठेवायचा, हे तिला कुणी कायद्यात शिकवलेलं नव्हतं.

पण गाळणं जीव अडवतं, विरघळलेलं विष अडवत नाही. बडोद्याच्या गोरवा भागात हे फार जवळून दिसलं. तिथल्या हेमा केमिकल्स या कारखान्यात क्रोमियमची रसायनं बनत. त्यातून निघालेला हजारो टन घातक कचरा उघड्यावर पडून राहिला. या कचऱ्यात हेक्साव्हॅलंट क्रोमियम असतं. ते पाण्यात सहज विरघळतं, पावसाबरोबर जमिनीत उतरतं आणि कर्करोगाला कारण ठरू शकतं. प्रमाण जास्त असलं तर पाणी पिवळसर तरी दिसतं, कमी असलं तर काहीच दिसत नाही. आपल्याकडच्या मानकाप्रमाणे पिण्याच्या एका लिटर पाण्यात क्रोमियम ०.०५ मिलिग्रॅमपेक्षा जास्त असू नये. एवढंसं डोळ्याला कुठलं दिसणार! आणि बायांनो, एक गोष्ट लक्षात ठेवा. असं पाणी उकळून उपयोग नाही. उकळल्याने जंतू मरतात. धातू मरत नाही. उलट वाफ होऊन पाणी कमी होतं आणि धातू तेवढाच उरतो, म्हणजे उरलेलं पाणी आणखी कडक.

देशभरातल्या घातक कचऱ्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये एक देखरेख समिती नेमली. ती २००४ मध्ये गुजरातेत आली, तेव्हा गोरव्याचा हा ढीगही तिच्यापुढे आला. कचरा हलवा आणि खर्च कारखान्याकडून घ्या, असा आदेश झाला. आदेशानंतरही ढीग अनेक वर्षं हलला नाही. समिती झाली, पण समितीचं काम झालं नाही. शब्द एकच असला तरी साधूंची समिती म्हणजे आचरण आणि सरकारची समिती म्हणजे बैठक.

बडोदं असं नव्हतं, हे जुनी माणसं अजून सांगतात. सयाजीराव महाराजांनी आजव्याचं तळं बांधून १८९२ मध्ये शहराला नळाचं पाणी दिलं. पुढे शहर वाढलं तसं महीच्या पात्रात मोठाल्या विहिरी घेऊन तिथलंही पाणी आणलं. मग साठच्या दशकात कोयलीला रिफायनरी आली, खताचा कारखाना आला, त्यामागून पेट्रोकेमिकल्स, नंदेसरीची वसाहत. हजारो घरांत पगार आला, आमच्याही घरात त्यातलाच आला. आणि कारखान्यांचं सांडपाणी मिनी नदीत आणि तिच्यातून महीत जाऊ लागलं.

ओरड झाली तेव्हा सरकारने जो उपाय काढला, तो त्या काळी मोठा नावाजला गेला. १९८३ मध्ये एक लांबलचक कालवा सुरू झाला, सुमारे ५६ किलोमीटरचा. कारखान्यांचं प्रक्रिया केलेलं पाणी त्यात सोडायचं, ते पादरा आणि जंबुसर तालुक्यांतून वाहत जाऊन सारोदपाशी महीच्या मुखात, म्हणजे खंभातच्या आखातात पडणार. महीचं वरचं पाणी आम्ही पिणार आणि तिच्या तोंडाशी आमचं सांडपाणी सोडणार! नकाशावर बघितलं तर ही रेघ सरळ आणि स्वच्छ दिसते. शहरातून निघाली, समुद्राला मिळाली. मधली गावं नकाशावर फक्त ठिपके असतात.

ते ठिपके मी पाहिले ते आमच्या महिला मंडळाच्या यात्रेत. कावीला निघालो होतो. कावीची सासू-सुनेची देरासरं तुम्हाला ठाऊक असतील. सासूने बांधलेल्या देवळाचं दार ठेंगणं, त्यावर सुनेचं डोकं आपटलं. ती बोलली तर सासूने टोमणा मारला, माहेरचा पैसा आणून बांध की तुझं तू उंच दाराचं! सुनेने खरंच बांधलं. बसमध्ये या गोष्टीवरून हशा चालला होता. आमच्यातल्या एकीचं माहेर वाटेपासून जरा आडबाजूला, त्या कालव्याच्या काठच्या गावात. तिच्या आईने चहाला बोलावलं म्हणून बस तिकडे वळवली.

गाव यायच्या आधी वास आला. रबर जळाल्यासारखा आणि त्यात काहीतरी गोडसर. कालव्यातलं पाणी गडद तपकिरी होतं, त्याच्या काठाला डिझेलची इंजिनं बसवलेली आणि पाइप थेट शेतात गेलेले. आमच्या सगळ्यांच्या तोंडाला पदर.

माहेरवाशिणीच्या आईने चहा बाटलीच्या पाण्याचा केला. ते तिने आम्हाला मुद्दाम सांगितलं. मी विचारलं, "मासी, हे पाणी शेताला घेता तुम्ही?"

"मग काय घेऊ, बेन? विहीर होती, ती खारट झाली, मग तिच्या पाण्याला रंग आला. नहेरचं पाणी शेवटच्या शेतापर्यंत पोचत नाही. हे बारा महिने वाहतं."

"पण पिकाला?"

"पीक येतं. कधी उभं वाळतं, कधी येतं. भाजी तर तुमच्याच शहरात जाते ना," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. ती नुसतं सांगत होती.

त्यानंतर कावीपर्यंत बसमध्ये सासू-सुनेचा विषय कुणी काढला नाही. पादऱ्याची भाजी बडोद्याच्या बाजारात नाव घेऊन विकली जाते. आपण मेथीची जुडी पान-पान करून शोधतो, अळी दिसली तर हळूच बाजूला ठेवतो. एषणा समिती आपण ताटापर्यंत पाळतो. पण ती जुडी कोणत्या पाण्यावर वाढली, हे शोधायला आपल्याकडे गाळणं नाही. पाचवी समिती मोडली की तिसरी आपोआप मोडते, हे मला त्या दिवशी कळलं.

याच भागातल्या लुणा गावात बोअरमधून लालसर पाणी येतं, हे वर्तमानपत्रांतून कितीदा आलं. प्रदूषण मंडळाचे लोक येतात, नमुने नेतात. गुजरातचं हे मंडळ १९७४ च्या जल कायद्याखाली त्याच वर्षी स्थापन झालं, म्हणजे ते कालव्यापेक्षाही जुनं. पण जमिनीखालचं पाणी नदीसारखं नसतं. नदीत घाण सोडणं थांबवलं तर दोन-चार पावसाळ्यांत ती सुधारू शकते. भूजल वर्षाला थोडंथोडं सरकतं आणि मातीच्या कणांना चिकटलेलं रसायन पाण्यात पुन्हा पुन्हा उतरत राहतं. एकाने केलेलं त्याच्या नातवाला पुरतं. कर्माच्या स्थितीबंधाबद्दल महाराज सांगतात, त्यातलाच हा प्रकार.

आकडे हवे असतील तर तेही आहेत. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळ औद्योगिक भागांची हवा, पाणी आणि जमीन मोजून शंभरपैकी गुण देतं. यात गुण जितके जास्त तितकी नापास. २००९ मध्ये बडोद्याला ६६.९१ होते, २०१८ च्या मोजणीत ८९.०९ झाले. सत्तरच्या वर गेलं की तो भाग अतिगंभीर. त्या वर्षी देशात पहिला नंबर आपल्या महाराष्ट्रातल्या तारापूरचा, ९३.६९ ने. बडोदं पहिल्या पाचांत. माहेर आणि सासर दोन्हीकडचा मान राहिला म्हणायचा!

या शहरात याविरुद्ध लढणारी माणसंही आहेत, हे सांगितलंच पाहिजे. रोहित प्रजापती आणि त्यांच्या पर्यावरण सुरक्षा समितीने सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. तिचा निकाल २२ फेब्रुवारी २०१७ ला लागला. प्रत्येक कारखान्याला तीन महिन्यांची नोटीस द्या, त्याची सांडपाणी शुद्ध करायची यंत्रणा चालू नसेल तर कारखाना चालू देऊ नका, लागलं तर वीज तोडा. इतक्या स्वच्छ शब्दांत. ही समिती मात्र नावाला जागली.

आणि २०२५ च्या जुलैमध्ये केंद्राने दूषित जागांसाठी वेगळे नियम काढले. कुठली जमीन किंवा पाणी रसायनाने नासल्याचा संशय आहे, याची यादी जिल्हा प्रशासनाने दर सहा महिन्यांनी द्यायची. राज्य मंडळाने ९० दिवसांत प्राथमिक तपासणी करायची, पुढच्या ९० दिवसांत सविस्तर. जागा दूषित ठरली तर लोकांना जाहीर सांगायचं, तिथे जाणं-येणं रोखायचं, कुणी केलं ते शोधायचं आणि सफाईचा खर्च त्याच्याकडून घ्यायचा. तो सापडला नाही किंवा देऊ शकला नाही तर केंद्राने आणि राज्याने बघायचं. हे नियम आले तेव्हा देशात अशा १०३ जागा नोंदल्या गेल्या होत्या आणि सफाईचं काम फक्त ७ ठिकाणी सुरू झालं होतं. तपासणीला दिवस मोजून दिलेत, पण जागा अमुक वर्षात स्वच्छ झालीच पाहिजे, अशी मुदत नियमांत घातलेली नाही. घराची झडती कधी घ्यायची ते ठरलं, केर कधी काढायचा ते नाही!

इथवर सरकारचं झालं. आता आपलं.

आपल्या समाजात रंग-रसायनांचे व्यापारी आहेत, कारखानदार आहेत. पंचकल्याणकात त्यांचीच बोली मोठी असते. मी त्यांना दोष द्यायला बसलेली नाही. त्यांच्यातले कितीतरी जण मुंगी पायाखाली आली तर हळहळतात. पण अप्काय, म्हणजे पाणी हेच ज्यांचं शरीर आहे असे जीव, हे आपण मानतो ना? मग घरात त्यांच्यासाठी गाळणं आणि कारखान्यामागे त्यांच्यासाठी नाला, हे दोन धर्म झाले. आणि घराघरातल्या शुद्धीकरणाच्या यंत्राचंही बघा. एक बादली चांगलं पाणी मिळवायला ते दोन-तीन बादल्या पाणी मोरीत सोडतं. ते भांडी, फरशी, संडास यांना वापरता येतं, पण आमच्या इमारतीत ते वापरणारी घरं बोटावर मोजण्याइतकी.

गेल्या चातुर्मासात मंडळात नियम घ्यायची वेळ आली. कुणी हिरवी भाजी सोडली, कुणी रात्रीचं पाणी. मी म्हटलं, ज्यांच्या घरी कारखाना आहे त्यांनी एकच नियम घ्या. आपला कचरा कुठे जातो ते विचारा. काही जणी हसल्या. एक काकी हसल्या नाहीत. त्यांनी घरी जाऊन यजमानांना विचारलं.

"टँकरवाला घेऊन जातो," यजमान म्हणाले.

"कुठे?"

"त्याचं तो बघतो."

काकी पुढे काय बोलल्या ते मला माहीत नाही. पण पुढच्या बैठकीला त्यांनी मला विचारलं, याचा काही कागद असतो का. असतो. घातक कचऱ्याची गाडी निघते तेव्हा तिच्याबरोबर एक पत्रक जावं लागतं, वेगवेगळ्या रंगांच्या सात प्रतींचं. पाठवणारा, नेणारा, उतरवून घेणारा, सगळ्यांच्या सह्या त्यावर. जिथे कचऱ्याची रीतसर विल्हेवाट लागते तिथली सही झालेली एक प्रत कारखान्यात परत यायला हवी. ती आली तर कचरा पोचला. ती आली नाही तर तो रात्री कुठल्या तरी नाल्यात नाहीतर कुणाच्या तरी बोअरमध्ये गेला असू शकतो.

ही परत आलेली प्रत म्हणजेच आपली जिवाणी, असं मी काकींना सांगितलं. ज्याचं त्याच्या जागी पोचलं याची खूण. काकींनी ते वहीत लिहून घेतलं. आता दर महिन्याच्या हिशेबात त्या सात प्रतींची फाइल मागून घेतात आणि चष्मा लावून एकेक सही बघतात. यजमान कुरकुरतात, पण फाइल आणून देतात.