बत्तीसचा एमसीबी

कन्हान नदीकाठचे आमचे खापा हे विणकरांचे जुने गाव. कोणते सूत किती ताण सोसेल, हे इथल्या विणकराला शिकवावे लागत नाही. भिंतीतल्या वायरचा ताण मात्र आम्ही कुणी विचारात घेत नाही.

हिवाळ्यात सकाळी मोहल्ल्यात एमसीबी वरचेवर पडतो. वायरमन येतो आणि म्हणतो, "सर, दहाचा काढून बत्तीसचा टाकून देतो. मग पडायचे नाव घेणार नाही." घरचे खूश होतात. पूर्वी फ्यूजमध्ये तारेचे दोन-चार पदर घालत, त्यातलाच हा प्रकार.

आम्ही दहावीला उर्दूतून विज्ञान शिकवतो. 'बर्क़ी रौ' म्हणजे विद्युतधारा दुप्पट झाली की उष्णता चौपट होते, हा जूलचा नियम मुलांना तोंडपाठ असतो. पण तो फळ्यावरून घरच्या बोर्डापर्यंत पोचत नाही. म्हणून आम्ही घरचाच हिशेब मांडायला लावतो. गिझर 2000 वॅट, विजेची शेगडी 2000, इस्त्री 1000. एकूण 5000 ला 230 व्होल्टने भागले की जवळजवळ 22 अँपिअर. दीडच्या तांब्याच्या वायरला 10 चा एमसीबी योग्य. तिच्यातून 22 गेले तर उष्णता 10 च्या मानाने जवळजवळ पाचपट. बत्तीसचा एमसीबी तरीही पडत नाही, आणि आत वायरचे आवरण तापून खराब होत राहते.

एमसीबी राखण करतो ती भिंतीतल्या वायरची. म्हणून त्याचा आकडा वायर सोसेल त्याहून मोठा कधीच नसावा. अडीचच्या वायरला 16, चारच्या वायरला 20 हा घरगुती हिशेब. भार वाढवायचा तर आधी जाड वायर, मग मोठा एमसीबी. उन्हाळ्यात कूलरचा शॉक बसतो, त्यापासून मात्र एमसीबी वाचवत नाही. त्यासाठी चांगले अर्थिंग आणि 30 मिलिअँपिअरचा आरसीसीबी हवा.

एकदा वर्गात एका मुलीने विचारले, "सर, वायर बदलायला खूप पैसे लागतात. एमसीबी स्वस्तात येतो. अब्बूंना काय सांगू?"

प्रश्न खरा होता. आम्ही म्हटले, "बेटा, अब्बूंना सांग, दहाचाच राहू द्या. गिझर बंद केल्यावर शेगडी लावा, शेगडी बंद केल्यावर इस्त्री. याला एक पैसाही लागत नाही."

तिने ते वहीत उर्दूत लिहून घेतले.