आरव, डबल ए

तर झालं असं, की मागच्या रविवारी आमच्याकडे बारसं झालं. दादाच्या मुलाचं. आणि बारसं म्हटलं की आत्या म्हणजे एकदम व्हीआयपी! कानात कुर्र्र करून नाव तिनेच सांगायचं... आणि वर पाठीत धपाटेही तिनेच खायचे. माझी पाठ अजून दुखतेय. पण आजची पोस्ट पाठीबद्दल नाही, नावाबद्दल आहे.

नाव वहिनीने सातव्या महिन्यातच ठरवलं होतं. आरव. मोबाइलमधल्या कुठल्याशा ॲपमध्ये अर्थ दिलेला, 'शांत, शांतिप्रिय'. आता हे नाव काही नवीन नाही. अक्षय कुमारच्या मुलाचं नाव २००२ मध्ये आरव ठेवलं आणि त्यानंतर प्रत्येक सोसायटीच्या पार्किंगमध्ये दोन-तीन आरव सायकल चालवताना दिसायला लागले. मी दादाला म्हटलंही, "अरे, शाळेत हाक मारली तर अर्धा वर्ग उभा राहील." दादा म्हणाला, "वहिनीला आवडलंय. विषय संपला." संपला तर संपला.

खरा घोळ सुरू झाला तो स्पेलिंगवरून.

वहिनीच्या मावशींनी अंकशास्त्राचा कागद करून आणला. त्यात प्रत्येक इंग्रजी अक्षराला एक आकडा असतो. ए ला १, आर ला २, व्ही ला ६. गंमत म्हणजे आकडे १ ते ८ एवढेच, ९ कुठल्याच अक्षराच्या वाट्याला येत नाही. (ही पद्धत विसाव्या शतकात कीरो नावाच्या आयरिश ज्योतिषाने लोकप्रिय केली. नाव सांगतात खाल्डियन, म्हणजे पार बॅबिलोनकडचं. तिकडे ए, बी, सी, डी कधी होती कोण जाणे!) साधं ए-आर-ए-व्ही लिहिलं तर बेरीज १०, म्हणजे १. पुढे डबल ए लावला तर ११, म्हणजे २. मावशींना हवा होता ५, बुधाचा अंक, बुद्धी आणि वाणीचा. त्यासाठी स्पेलिंग आलं ए-ए-आर-आर-ए-ए-व्ही. बेरीज १४, म्हणजे ५. फिट्ट!

आमच्या धंद्याच्या भाषेत याला हॅश फंक्शन म्हणतात. तेही नऊ खणांचं. जगातली यच्चयावत नावं नऊ डब्यांत कोंबायची. पण मावशींसमोर हॅश फंक्शन कसलं काढतेय मी... गप्प बसले.

पण एक गोष्ट मात्र मी सोडली नाही. माझं नाव वृषाली. दहावीच्या मार्कशीटवर 'व्ही-आर-यू', पासपोर्टवर 'व्ही-आर-आय'. चूक कुणाचीच नाही, आपण मराठी लोक 'ऋ'चा उच्चार 'रु' करतो, हिंदीवाले 'रि' करतात. पण पहिल्यांदा ऑनसाइटला जायची वेळ आली तेव्हा त्या एका अक्षरापायी दोन प्रतिज्ञापत्रं आणि तीन सुट्ट्या गेल्या. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण नावाची जागा तेव्हा रिकामी ठेवता येते. नाव नंतर वर्षभरात फुकट घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांना शाळेपासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच लागतो. तेव्हा दादाला सांगितलं, घाई करू नकोस, एकदाच काय ते नीट लिही.

घाई तशीही नव्हती. बाळ पाच आठवडे आधी आलं. आणि आल्यावर रडलं नाही. दादा लेबर रूमच्या बाहेर उभा होता, मी त्याच्या शेजारी. आत बायका-डॉक्टरांचे आवाज येत होते, ट्रेचे आवाज येत होते, ज्याची वाट बघत होतो तो सोडून सगळे आवाज येत होते. किती वेळ गेला ते दादाला आजही सांगता येत नाही. मग एकदम बारीक, मांजराच्या पिल्लासारखं काहीतरी ऐकू आलं. नंतर नऊ दिवस काचेच्या पेटीत. बाराव्या दिवसाचं बारसं अर्थातच राहिलं, सव्वा महिन्यानंतर करायचं ठरलं.

बारशाच्या दोन दिवस आधी कराडजवळच्या गावाहून आजी आली. पाय धुतले, बाळाला मांडीवर घेतलं आणि विचारलं, "काय नाव ठेवताय रं ह्याचं?"

"आरव."

आजी अशी हसायला लागली की तिचा पदर डोक्यावरून घसरला. "आरव? आगं बाई, ते तर कोंबडं आरवतंय!"

सगळे हसले. मीही हसले. पण रात्री झोप येईना. उठून शब्दकोश काढला. आणि आजी शंभर टक्के बरोबर! संस्कृत धातू 'रु' म्हणजे आवाज करणे. त्यापासून 'रव' म्हणजे आवाज. पाखरांचा कलरव त्यातलाच. जिथे आवाज नाही ते नीरव. आणि 'आरव' म्हणजे आवाज, ओरडणं, आरोळी. आपलं आरवणं त्याच कुळातलं. रावणसुद्धा ह्याच घराण्यातला बरं का, उत्तरकांडातली गोष्ट आठवा, डोंगराखाली हात चेंगरल्यावर त्याने जी किंकाळी फोडली त्यावरून शंकराने त्याला ते नाव दिलं.

मग 'शांत' कुठून आलं? माझा अंदाज असा, की कुणीतरी 'अ + रव' असं फोडलं. अरव, म्हणजे आवाज नसलेला. पण मग 'अ' ऱ्हस्व हवा. एका कान्याचा फरक, अर्थ उलटापालटा. आणि इंग्रजीत एकच ए लिहिला तर हा कानाच दिसत नाही! ज्यांनी आयट्रान्समध्ये मराठी टाइप केलंय त्यांना आठवेल, एक ए म्हणजे अ, दोन ए म्हणजे आ. इतकी वर्षं ज्या डबल ए ला मी फॅशन म्हणून नाकं मुरडत होते, तो तर बिचारा कान्याचं काम करत होता.

आता प्रश्न हा की वहिनीला सांगायचं का? पत्रिका छापून झालेल्या. केकवर नाव. बाई सव्वा महिना धड झोपलेली नाही, आणि आपण जाऊन सांगायचं की तू ठेवलंस त्याच्या बरोब्बर उलटा अर्थ आहे? न सांगता कानात कुर्र्र करावं, तर ते मला जमणारं नव्हतं. दादाला सांगितलं. तो म्हणाला, "तूच सांग बाई."

शनिवारी सकाळी सांगितलं. वहिनी बाळाला पाजत होती. ऐकून घेतलं. बराच वेळ काही बोललीच नाही. मला वाटलं, झालं, आपण माती खाल्ली.

मग म्हणाली, "वन्सं, मला आता शांत बाळ नकोच आहे."

एवढंच. पुढे ती काही बोलली नाही, मीही नाही. दादा उगाचच खिडकी उघडायला गेला.

रविवारी मी नाव सांगितलं. दाखल्यासाठी स्पेलिंग ठरलं ते सुरुवातीला डबल ए, बाकी सगळं एकेक. मावशी जरा फुरंगटल्या. मग वहिनीनेच त्यांना समजावलं, वाणी हवी म्हणूनच पाच हवा होता ना तुम्हाला? ती तर नावातच आहे. मावशींना ते पटलं. निदान जेवल्या तरी व्यवस्थित.

आजी अजून इथेच आहे. पहाटे चारला आमचा हिरो सगळ्या बिल्डिंगला ऐकू जाईल असा टाहो फोडतो. आजी अंधारात उठून बसते आणि म्हणते, "आरवलं बघा कोंबडं. उठा आता."

आणि वहिनी उठते. झोप मोडल्याबद्दल एक अक्षर बोलत नाही.